शेवटच्या तासाला मिटणारी पापणी

शाळेच्या वार्षिक अंकात शिक्षकांनी विद्यार्थ्यांना उपदेश करावा, असा प्रघात आहे. आज मी तो प्रघात थोडा बाजूला ठेवून माझ्या स्वतःच्याच एका चुकीने या लेखाचा आरंभ करणार आहे.

नववीच्या वर्गावर माझा तास दिवसाच्या अखेरीस असे. दुसऱ्या बाकावर बसणारी एक मुलगी या तासाला नेहमी पेंगत असल्यासारखी दिसे. तिची उजवी पापणी अर्धी खाली आलेली असे, आणि फळ्याकडे पाहायचे झाले म्हणजे ती हनुवटी वर करून, मान मागे टाकून पाही. एके दिवशी मी जरा कडक स्वरात विचारले, “काय ग, रात्री झोपतेस की नाही?” सारा वर्ग हसला. ती उठून उभी राहिली आणि खालच्या आवाजात म्हणाली, “सर, झोप नाही आली. फळ्यावरच्या ओळी दोन-दोन दिसतात.” ही एक सबब आहे असे समजून मी तिला खाली बसवले व पुढे शिकवू लागलो.

सकाळच्या प्रार्थनेच्या वेळी त्याच मुलीचे डोळे इतर मुलींसारखेच पूर्ण उघडे असत. हा फरक माझ्यासमोर रोज घडत होता, पण तो मला दिसला नाही. पुढे दोन महिन्यांनी तिचे वडील शाळेत आले, तेव्हा कळले की तिला ‘मायस्थेनिया ग्रॅव्हिस’ नावाचा विकार झाला असून उपचार सुरू झाले आहेत. मी वर्गासमोर तिची क्षमा मागितली. पण क्षमा मागून माझे अज्ञान गेले नव्हते. म्हणून या विषयावर मिळेल ते वाचले, जाणत्या डॉक्टरांकडून समजावून घेतले, आणि त्या मुलीच्या व तिच्या आईवडिलांच्या संमतीने ते येथे मांडत आहे.

प्रथम निरोगी डोळा कसा फिरतो ते पाहू. प्रत्येक नेत्रगोलाला सहा लहान स्नायू जोडलेले असतात. त्यांपैकी चार सरळ व दोन तिरके. त्यांच्या ओढीने डोळा वर, खाली, आत, बाहेर वळतो व थोडासा स्वतःभोवतीही फिरतो. वरची पापणी उचलून धरण्यासाठी आणखी एक निराळा स्नायू असतो. मेंदूतून निघणाऱ्या मज्जातंतूंच्या बारा जोड्यांपैकी तिसरी, चौथी व सहावी अशा तीन जोड्या या स्नायूंना हुकूम पोहोचवतात.

हे स्नायू किती काम करतात याची आपल्याला कल्पना नसते. तुमच्या मित्राला एखादे पुस्तक वाचायला सांगा आणि समोरून त्याच्या डोळ्यांकडे पाहा. त्याची नजर ओळीवरून सरळ घरंगळत जात नाही, तर चिमणीसारखी टुणटुण उड्या मारीत जाते. एका सेकंदात अशा तीन-चार उड्या होतात. दिवसभर हे चाललेले असते, आणि प्रत्येक उडीत दोन्ही डोळ्यांना अगदी बरोबर एकाच ठिकाणी जाऊन थांबावे लागते. बैलजोडीतला एक बैल जरासा मागे राहिला तरी गाडी वाकडी होते. तसाच एक डोळा किंचित मागे राहिला, की दोन डोळ्यांतील दोन चित्रे एकमेकांवर बसत नाहीत आणि एका वस्तूच्या दोन वस्तू दिसतात. याचा अनुभव तुम्हालाही घेता येईल. दोन्ही डोळे उघडे ठेवून एका डोळ्याच्या बाहेरच्या कोपऱ्याशी, पापणीवरून, बोट अलगद टेकवा. समोरची वस्तू दोन ठिकाणी दिसू लागेल. आता एक डोळा झाका, दुसरे चित्र नाहीसे होईल. डॉक्टरही रुग्णाला हेच विचारतात: एक डोळा झाकल्यावर दुसरी ओळ जाते काय? ‘जाते’ असे उत्तर आले, तर दोष बहुधा दोन डोळ्यांच्या जोडीत आहे, चष्म्याच्या नंबरात नाही, असे समजते.

आता मेंदूचा हुकूम स्नायूपर्यंत कसा पोहोचतो ते टपालाच्या दृष्टांताने पाहू. मेंदूच्या खालच्या, देठासारख्या भागाला मस्तिष्कस्तंभ म्हणतात. तेथे डोळ्यांच्या हालचालींची मुख्य कचेरी आहे. उजव्या व डाव्या डोळ्याने एकत्र वळावे म्हणून त्या कचेरीच्या आत एका बाजूकडून दुसऱ्या बाजूकडे निरोप नेणाऱ्या तारा आहेत. कचेरीतून बाहेर पडलेला हुकूम मज्जातंतूच्या रस्त्याने स्नायूच्या दारापर्यंत येतो. मज्जातंतू व स्नायू यांच्यामध्ये एक अतिशय सूक्ष्म फट असते. तेथे मज्जातंतूचे टोक ‘ॲसिटिलकोलीन’ नावाचे रसायन सोडते. हे झाले पत्र. स्नायूच्या पृष्ठभागावर हे पत्र घेणाऱ्या असंख्य पत्रपेट्या असतात. पुरेशा पेट्यांत पत्रे पडली की स्नायू आकुंचन पावतो. काम झाल्यावर एक पाचकद्रव्य झाडूवाल्याप्रमाणे ती पत्रे लगेच झाडून टाकते, म्हणजे पुढच्या हुकुमासाठी जागा मोकळी होते.

कचेरी, रस्ता व दार या तिन्ही ठिकाणी बिघाड होऊ शकतो. असा बिघाड करणाऱ्या कारणांपैकी एक मोठे चमत्कारिक आहे. आपल्या शरीरात रोगजंतूंशी लढण्यासाठी पहारेकऱ्यांची एक फौज सदैव सज्ज असते. परक्याला ओळखून त्याला चिकटणारी ‘प्रतिद्रव्ये’ ही त्या फौजेची शस्त्रे. आपले कोण व परके कोण, हे ही फौज सहसा अचूक ओळखते. परंतु क्वचित तिची गफलत होते आणि ती आपल्याच घरातील माणसांवर शस्त्र धरते. अशा विकारांना स्वयंप्रतिकार विकार म्हणतात. ही गफलत मज्जासंस्थेच्या वा स्नायूंच्या बाबतीत झाली, की तिची पहिली वार्ता अनेकदा डोळ्यांच्या हालचालींतून मिळते.

आमच्या विद्यार्थिनीच्या बाबतीत हल्ला दारावर, म्हणजे पत्रपेट्यांवर झाला होता. प्रतिद्रव्ये पेट्या अडवून बसतात व हळूहळू त्यांचा नाशही करतात. मग सकाळी ठीक व संध्याकाळी बिघाड असे का व्हावे? स्नायू पुनःपुन्हा वापरला, तर मज्जातंतूच्या टोकाकडून दर वेळी सुटणारी पत्रे थोडी थोडी कमी होत जातात. निरोगी माणसात पेट्या गरजेपेक्षा कितीतरी जास्त असल्यामुळे ही घट जाणवत नाही. पेट्याच थोड्या उरल्या असतील, तर मात्र तीच घट नडते व स्नायू थकून ढिला पडतो. विश्रांती मिळाली की पत्रांचा साठा पुन्हा भरतो. रात्रीच्या झोपेनंतर म्हणूनच पापणी उघडी राहते, आणि दिवसभर वाचून, फळ्याकडे पाहून झाल्यावर शेवटच्या तासाला ती खाली येते.

या विकाराच्या शोधाची कथा मोठी आहे. थॉमस विलिस या इंग्रज वैद्याने 1672 मध्ये अशा एका स्त्रीचे वर्णन केले होते, की जी बराच वेळ बोलली म्हणजे तिची वाचाच बंद होई व काही वेळाने परत येई. 1895 मध्ये फ्रीड्रिख योली या जर्मन डॉक्टरांच्या लेखनातून ‘मायस्थेनिया ग्रॅव्हिस’ हे नाव पुढे आले. त्याचा अर्थ ‘स्नायूंचा गंभीर अशक्तपणा’ असा आहे. नाव मिळाले, पण औषध नव्हते. ते मिळण्यास 1934 साल उजाडावे लागले.

त्या वर्षी लंडनमधील ग्रिनिच येथील सेंट आल्फेज रुग्णालयात मेरी वॉकर नावाच्या एक स्कॉटिश डॉक्टर काम करीत होत्या. या रुग्णाची अवस्था क्युरारेची बाधा झालेल्या माणसासारखी दिसते, ही गोष्ट त्यांच्या मनात घोळत होती. क्युरारे म्हणजे दक्षिण अमेरिकेतील आदिवासींचे बाणांना लावायचे विष. पश्चिम आफ्रिकेतील कॅलाबार नावाच्या शेंगेतून मिळणारे ‘फायसोस्टिग्मीन’ हे द्रव्य त्या विषावर उतारा म्हणून माहीत होते. मग ते या रुग्णालाही का देऊ नये? वॉकरबाईंनी ते टोचून दिले, आणि तासाभराच्या आत रुग्णाची मिटलेली पापणी वर उचलली गेली. औषधाचा अंमल ओसरल्यावर ती पुन्हा खाली आली. हे औषध वर सांगितलेल्या झाडूवाल्याचे हात बांधून ठेवते, त्यामुळे पत्रे दारात अधिक वेळ राहतात व उरलेल्या थोड्या पेट्यांतही पोहोचतात. आजही याच जातीचे ‘पायरिडोस्टिग्मीन’ हे औषध रुग्णांना प्रथम दिले जाते.

परंतु पेट्या नष्ट कोण करतो, हे तेव्हा कळले नव्हते. या विकाराने ग्रस्त मातेच्या पोटी आलेले मूल कधी कधी जन्मतः अशक्त असते आणि काही आठवड्यांत आपोआप बरे होते. मातेच्या रक्तातून बाळाकडे काहीतरी जात असले पाहिजे व ते पुढे ओसरत असले पाहिजे. अशा निरीक्षणांवरून 1960 मध्ये जॉन सिम्पसन या स्कॉटिश डॉक्टरांनी असा तर्क मांडला, की हे ‘काहीतरी’ म्हणजे शरीराचीच प्रतिद्रव्ये असावीत.

या तर्काला पुरावा मिळाला तो एका सर्पविषाच्या साहाय्याने. नाग किंवा मण्यार चावलेल्या माणसाच्या पापण्या आधी जड होऊन मिटू लागतात, हे आपल्याकडील खेड्यांतील लोकांना ठाऊक असते. या विषांचा घाव मज्जातंतू व स्नायू यांच्या याच दारावर पडतो. तैवानमध्ये सापडणाऱ्या, मण्यारीच्याच जातकुळीतील एका सर्पाच्या विषातून चँग व ली या संशोधकांनी 1963 मध्ये ‘बंगारोटॉक्सिन’ वेगळे केले. त्यातील एक प्रकार पत्रपेटीला असा घट्ट चिकटतो की त्याच्या साहाय्याने पेट्या अक्षरशः मोजता येतात. 1973 मध्ये अमेरिकेतील संशोधकांनी या विषाने रुग्णांच्या स्नायूंतील पेट्या मोजल्या, तेव्हा त्या निरोगी माणसांपेक्षा फारच कमी भरल्या. त्याच वर्षी कॅलिफोर्नियात पॅट्रिक व लिंडस्ट्रॉम यांनी विद्युत्-ईल नावाच्या माशाच्या अवयवातून काढलेल्या पेट्या सशांना टोचल्या. सशांच्या शरीरात त्यांविरुद्ध प्रतिद्रव्ये तयार झाली आणि ते ससे लुळे पडले. मायस्थेनियाचे औषध देताच त्यांच्यात जोर आला. सिम्पसन यांचा तर्क असा खरा ठरला.

विकार सर्व स्नायूंचा असूनही तो आधी डोळ्यांतच का दिसतो? सुमारे निम्म्या रुग्णांत पहिली तक्रार पापणीची वा दोन-दोन दिसण्याची असते. डोळ्यांच्या स्नायूंना हुकूम फार जलद व सतत येत असतात, त्यांच्या ठायी पेट्यांची शिल्लक कमी असते, आणि मुख्य म्हणजे येथे थोडीही चूक लपत नाही. पायाचा स्नायू किंचित अशक्त झाला तर आपण दोन पावले सावकाश टाकतो व ते कोणाच्या लक्षातही येत नाही. डोळा किंचित चुकला की लगेच एकाचे दोन दिसतात.

हल्ला जेव्हा दारावर न होता रस्त्यावर होतो, तेव्हाचे चित्र निराळे असते. 1956 मध्ये बॉस्टन येथे मिलर फिशर या कॅनेडियन मज्जातज्ज्ञांनी तीन रुग्णांचे वर्णन प्रसिद्ध केले. त्यांचे डोळे जागच्या जागी थिजले होते, चालताना तोल जात होता आणि गुडघ्यावर हातोडी मारली तरी पाय उडत नव्हता. हा विकार बहुधा सर्दीपडसे किंवा जुलाब होऊन गेल्यानंतर एक-दोन आठवड्यांनी येतो. 1992 मध्ये जपानी संशोधकांनी या रुग्णांच्या रक्तात एक विशिष्ट प्रतिद्रव्य असल्याचे दाखवून दिले. ते ज्या पदार्थाला चिकटते तो पदार्थ डोळ्यांकडे जाणाऱ्या तीन मज्जातंतूंत विपुल असतो. जुलाब घडविणाऱ्या एका जंतूच्या अंगावरही त्याच्याशी मिळताजुळता पदार्थ असतो. चोराला पकडण्यासाठी निघालेल्या पहारेकऱ्याने तशीच टोपी घातलेल्या घरमालकाला धरावे, तसा हा प्रकार आहे. सुदैवाने बहुतेक रुग्ण काही आठवड्यांत वा महिन्यांत सुधारतात.

तिसरे ठिकाण म्हणजे खुद्द कचेरी. मेंदूतील तारांवर मायलिन नावाचे स्निग्ध आवरण असते. 1868 मध्ये पॅरिसच्या शार्को यांनी ज्याचे सविस्तर वर्णन केले, त्या ‘मल्टिपल स्क्लेरोसिस’ या विकारात आपलीच फौज हे आवरण कुरतडते. दोन्ही डोळ्यांना एकत्र वळविणाऱ्या तारेचे आवरण गेले, तर मोठी विलक्षण गोष्ट घडते. रुग्णाने उजवीकडे पाहावयाचे ठरवले की उजवा डोळा वळतो, पण डावा मध्येच रेंगाळतो, आणि पुढे गेलेला उजवा डोळा जोडीदाराची वाट पाहत असल्यासारखा थरथरतो. तोच डावा डोळा नाकासमोरची वस्तू पाहताना मात्र अनेकदा व्यवस्थित आत वळतो. यावरून स्नायू धड आहे, रस्ता धड आहे, दोष केवळ आतल्या तारेत आहे, असे सिद्ध होते. कुशल डॉक्टर हे निदान आपल्या बोटाच्या हालचालीने, रुग्णाला इकडे-तिकडे पाहायला लावून करतात. मग यंत्राने काढलेले मेंदूचे चित्र त्या निदानाला दुजोरा देते.

मायस्थेनियाच्या परीक्षाही अशाच साध्या आहेत. रुग्णाला मिनिटभर छताकडे पाहत राहायला सांगतात, आणि पापणी हळूहळू उतरू लागते का ते पाहतात. मिटलेल्या पापणीवर दोन मिनिटे बर्फाची पिशवी ठेवतात. थंडीने झाडूवाल्याचे काम मंदावते व पापणी वर येते. या विकारात डोळ्याची बाहुली उजेडाला नेहमीप्रमाणेच लहान होते, हीही एक खूण आहे. यानंतर रक्ताची व मज्जातंतूंची तपासणी होते. रक्तात प्रतिद्रव्य सापडले नाही म्हणून विकार नाहीच, असे मात्र म्हणता येत नाही, कारण केवळ डोळ्यांपुरत्या मर्यादित विकारात ते अनेकदा सापडत नाही.

उपचारांच्या बाबतीत आजचा रुग्ण शंभर वर्षांपूर्वीच्या रुग्णापेक्षा फार भाग्यवान आहे. पायरिडोस्टिग्मीनच्या जोडीला फौजेचा आवेश कमी करणारी औषधे आहेत. प्रकृती फार बिघडली तर रक्तातील प्रतिद्रव्ये काढून टाकण्याची सोय आहे. छातीच्या हाडामागे थायमस नावाची ग्रंथी असते. फौजेचे शिक्षण तेथेच होते. 1936 मध्ये आल्फ्रेड ब्लेलॉक या अमेरिकन शल्यवैद्यांनी एका तरुण रुग्णाची, गाठ झालेली ही ग्रंथी काढली व तिची प्रकृती सुधारली. गाठ नसतानाही योग्य रुग्णांना या शस्त्रक्रियेचा लाभ होतो, हे 2016 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या चाचणीने दाखवले. हा विकार झालेला मनुष्य आपले काम करू शकत नाही, असेही समजू नये. प्रसिद्ध अभिनेते अमिताभ बच्चन यांना 1984 च्या सुमारास मायस्थेनियाने गाठले होते. हे त्यांनी स्वतःच लोकांना सांगितले आहे, आणि त्यानंतर त्यांनी किती वर्षे काम केले हे तुम्ही जाणताच.

पालकांनी व विद्यार्थ्यांनी काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. पापणी थोडी फडफडणे किंवा जागरणाने डोळे जड होणे हे सर्वांनाच होते, त्यात घाबरण्यासारखे काही नाही. परंतु नव्याने एकाचे दोन दिसू लागणे, एक पापणी उतरणे, किंवा डोळे एकत्र न वळणे, यांपैकी काही दिसल्यास दृष्ट काढीत अथवा चष्मा बदलीत बसू नये, डॉक्टरांकडे जावे. पापणी एकाएकी उतरली, सोबत तीव्र डोकेदुखी असली किंवा एक बाहुली मोठी दिसली, तर त्याच घटकेला रुग्णालय गाठावे, कारण त्याची कारणे निराळी व अधिक धोक्याची असू शकतात. डोळ्यांपासून सुरू झालेला मायस्थेनिया अनेकांच्या बाबतीत पुढे, बहुधा पहिल्या दोन वर्षांत, इतर स्नायूंतही पसरतो. म्हणून घास गिळताना ठसका लागणे, बोलता बोलता आवाज बसणे व श्वास अपुरा पडणे या गोष्टी क्षणभरही अंगावर काढू नयेत. काही नेहमीच्या प्रतिजैविकांनीही हा विकार बळावतो. सबब कोणत्याही कारणासाठी औषध घेताना आपल्याला हा विकार असल्याचे डॉक्टरांना आधी सांगावे.

आमची ती विद्यार्थिनी आता दहावीत आहे. तिचे गणित व वाचनाचे काम आम्ही सकाळच्या तासांकडे आणले आहे. दुपारी ती दहा मिनिटे डोळे मिटून बसते आणि शेजारची मैत्रीण तिला धडा वाचून दाखवते. तिची पापणी अजूनही कधी कधी उतरते. तेव्हा वर्गातील कोणी हसत नाही.

मायस्थेनियाचे वर्णन प्रथम करणारे डॉक्टर आणि माझ्यासारखा शिक्षक यांच्यात फरक होता तो एवढाच, की त्यांनी रुग्णाचे म्हणणे खरे मानले व ते तपासून पाहिले. मी ते सबब म्हणून सोडून दिले. “ओळी दोन-दोन दिसतात” या तीन शब्दांत त्या मुलीने जवळजवळ सारे निदान मला सांगितले होते. विद्यार्थी मित्रहो, तुमच्या शेजारी बसणारा कोणी असे काही सांगू लागला, तर त्याचे बोलणे आधी ऐकून घ्या, आणि मग ते तुमच्या शिक्षकांच्या कानावर घाला. शिक्षकांनी ऐकले नाही, तर पुन्हा सांगा.